आक्काचा दिवस

आक्का गेली तेव्हा बऱ्याच वर्षांनी आम्ही सगळी भावंडं एकाच वेळी सोलापूरच्या घरात जमलो होतो. १९८३चा एप्रिल संपत आला होता. सुतकाच्या त्या दिवसांत घरच्या चुलीवर काही शिजत नव्हतं. दोन्ही वेळचे डबे नातेवाइकांकडून, शेजाऱ्यांकडून येत. बाहेर ऊन मी म्हणत होतं. हाताला काम नव्हतं. माजघरात चटया टाकून आम्ही नुसते बसून असायचो आणि बोलणं फिरून फिरून आक्कावर यायचं. तिसऱ्या की चौथ्या दिवशी बोलता बोलता लक्षात आलं, की आक्काचा सगळा दिवस आमच्यापैकी एकानंही पाहिलेला नाही.

आक्का आमची आजी. पण वडील आणि काका तिला आक्का म्हणत, गल्ली आक्का म्हणे, म्हणून आम्हीही आक्काच म्हणायचो. कानडी, तेलुगू, मराठी अशा तिन्ही भाषा एकाच नळावर भांडणाऱ्या आमच्या गावात हा शब्द कुणालाच परका नव्हता. ती कधी नोकरीला गेली नाही, कुठल्या मंडळात नव्हती, तिचा एकटीचा फोटोही घरात नव्हता. तिच्यामागे वाटण्या कराव्यात असंही काही नव्हतं. दिवस मात्र आमच्यात आधीच वाटला गेला होता. पहाट ताईच्या वाटणीला आली होती, भाकरीची वेळ दादाच्या, सूप-चाळणीची धाकट्याच्या, दुपारची जेवणं बेबीच्या, दिवेलागण अप्पाच्या आणि रात्र माझ्या. ज्याला जो तास मिळाला, त्याला तो तोंडपाठ होता. त्या माजघरात आम्ही ते तास एकापुढे एक मांडायला लागलो.

ताईची झोप लहानपणापासून सावध. आक्का उठली की तिला जाग यायची, ती आवाजानं नव्हे, आवाज नसण्यानं. आक्काच्या बांगड्या पहाटे वाजत नसत. उठल्याबरोबर ती त्या कोपराकडे सारून घट्ट बसवायची. पहिलं काम चुलीचं. रात्री निखारे राखेखाली झाकलेले असत. चिमट्यानं राख बाजूला केली की आत लाल डोळा उघडल्यासारखा विस्तव दिसायचा. त्यावर गोवरीचा तुकडा, दोन काटक्या, फुंकणीची एक लांब फुंकर. काडेपेटी फडताळात असायची, पण ताईच्या आठवणीत पहाटे ती कधी उघडली गेली नाही. काडीचे पैसे वाचवण्याचा प्रश्न होताच. पण ताईला वाटायचं की कालचाच विस्तव आज पेटला, यात आक्काला काहीतरी बरं वाटत असावं.

मग आड. आमच्या आडाचं पाणी मचूळ, वापरण्यापुरतं. प्यायचं पाणी नळाचं, तेही फडक्यातून गाळून घ्यायचं. घागर आत सोडताना आक्का दोर हातात रोखून धरायची, म्हणजे घागर कडेच्या दगडावर आपटत नसे. पलीकडच्या खोलीत रात्रपाळी करून आलेला एक साचेवाला नुकताच आडवा झालेला असायचा. त्याचं नावसुद्धा आम्हाला नीट माहीत नव्हतं. तो खोली सोडून गेला, दुसरं बिऱ्हाड आलं, त्यात रात्रपाळीचं कुणी नव्हतं. तरी आक्काची घागर तशीच हळू उतरत राहिली.

उजाडता उजाडता दारात सडा पडायचा आणि त्यावर रांगोळी. आक्काची रांगोळी लहान, चार बोटांची. समोरच्या पद्मशाली घरातल्या अम्मा मात्र दारभर ठिपके मांडून, त्यांना वळसे घालत घालत मोठी मुग्गू काढायच्या. दोघी एकाच वेळी वाकलेल्या असत. बोलत नसत. एकदा ताईनं विचारलं, "आपली एवढीशीच का?" आक्का म्हणाली, "पाय ठेवायला जागा नको का येणाऱ्याला?"

दादाला भाकरीची वेळ मिळाली, कारण तो मिलमध्ये लागला आणि त्याची पहिली पाळी असायची. तात्या, म्हणजे आमचे आजोबा, त्याआधी मिलमध्येच कारकून होते. तेव्हा भोंग्याच्या आधी भाकरी तयार असणं हा आमच्या घरचा जुना नेम होता. दादा तव्याशेजारी पाटावर बसायचा. त्यानं जे पाहिलं ते तो हातांनीच सांगत होता. काटवटीत पीठ, मध्ये खळगा, त्यात आधणाचं पाणी. गव्हाचा चिकटपणा ज्वारीत नसतो. पीठ धरून ठेवायचं ते कढत पाण्यानं आणि तळहाताच्या जोरानं. दळून फार दिवस झाले तर पिठाची विरी जाते आणि भाकरी थापतानाच कडेला चिरते. म्हणून आक्का चार-पाच दिवसांपुरतंच दळण पाठवायची, आणि एकेका भाकरीचा उंडा वेगळा मळायची. सगळं पीठ एकदम कधी नाही. थापताना काटवट हलायची नाही, भाकरीच तिच्या तळहाताखाली गोल फिरत मोठी होत जायची. तव्यावर टाकली की वरून पाण्याचा हात, पाणी सुकायच्या आत उलटायची, मग तवा बाजूला सारून चुलीच्या तोंडाशी ओढलेल्या आरावर उभी करायची. टम्म फुगून ती वाफ सोडायची. ती वाफ अंगावर आल्याशिवाय आपण कामाला निघालो असं वाटायचं नाही, असं दादा म्हणाला.

आमच्या भागातली ज्वारी म्हणजे मालदांडी. मोहोळच्या संशोधन केंद्रावर निवडलेलं मालदांडी ३५-१ हे वाण आमच्याच जिल्ह्यातलं, आणि मंगळवेढ्याची काळी जमीन तिचं माहेर. आक्का मूठभर दाणे हातावर घेऊन वजनावरून, चमकेवरून सांगायची की ही रब्बीची आहे की कुणी मिसळ केलीय. १९७२च्या दुष्काळात रेशनवर परदेशातून आलेला लाल मिलो मिळायला लागला, तेव्हा ही सगळी विद्या तिच्या हातात नुसती उरली. मिलोची भाकरी थापलीच जाईना. पहिल्या दिवशी तीन भाकऱ्या तव्यावर तुटल्या. दादा भूक विसरून आक्काच्या चेहऱ्याकडे बघत होता. ती काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी तिनं मिलोचं पीठ उकळत्या पाण्यात टाकून उकड काढली, झाकून ठेवली, मग मळली, आणि ताटाएवढ्या मोठ्या भाकऱ्यांच्या जागी तळहाताएवढ्या केल्या. लहान भाकरी कमी तुटते. दादाच्या फडक्यात त्या दिवशी दोनऐवजी पाच भाकऱ्या होत्या, शेंगाच्या चटणीचा गोळा होता, आणि मिलमध्ये त्यानं कुणाला सांगितलं नाही की या मिलोच्या आहेत. कुणाला ओळखूही आलं नाही.

शेंगाच्या चटणीवर सगळेच एकदम बोलायला लागले. ती आठवड्यातून एकदा व्हायची. भाजलेले दाणे, लसूण, तिखट, मीठ, जिरं उखळात घालून इतकं कुटायचं की दाण्याचं तेल सुटून चटणी मुसळाला चिकटायला लागली पाहिजे. शेवटी उखळात राहिलेल्या चटणीला आक्का गरम भाकरीचा तुकडा पुसायची आणि तो तुकडा ज्याला मिळेल त्याचा तो दिवस. तो मला जास्त वेळा मिळाला असं अप्पाचं म्हणणं. मला वाटतं धाकट्याला. याचा निकाल त्या तेरा दिवसांत लागला नाही, अजूनही लागलेला नाही.

धाकटा शाळेत जायच्या आधीची तीन-चार वर्षं सकाळभर आक्काच्या मागे असायचा. त्याला चित्र आठवत नव्हतं, आवाज आठवत होता: सुपात धान्य पाखडल्याचा. आधी वर उडवण्याचा मोकळा आवाज, मग कडेवर थोपटल्याचा हळू, मग बोटानं खडे निवडताना मधूनच जमिनीवर पडलेला एक टक्. तो म्हणाला, "आक्का खडा काढून टाकत नव्हती, खाली ठेवत होती." आम्ही हसलो, पण ताई म्हणाली खरं आहे ते. खडे एका करवंटीत जमायचे, करवंटी भरली की परड्यातल्या ओल्या जागी जायचे. पाखडलेला भुसा आणि फुटके दाणे मात्र आडाच्या कट्ट्यावर, चिमण्यांसाठी. चिमण्या तिची वाट बघत बसलेल्या असायच्या. ती उशिरा आली तर त्या ओरडायच्या, आणि आक्का त्यांना, "आले ग बायांनो," म्हणायची.

आमच्या आईनं इतक्यात दारातून एक गोष्ट सांगितली. ती एरवी अशा गप्पांत यायची नाही. ती म्हणाली, "मी या घरात आले तेव्हा सतरा वर्षांची होते. तुमच्या आक्कानं मला कधी, हे कर, म्हटलं नाही. मी स्वयंपाकघरात जायची तर लसूण सोललेला, कोथिंबीर निवडून ओल्या फडक्यात, डाळ धुतलेली. मला फोडणीच द्यायची असायची. मग सगळे म्हणायचे, सूनबाईंच्या हाताला चव आहे." एवढं बोलून ती आत गेली. बराच वेळ कुणी काही बोललं नाही.

बेबी, आमची चुलत बहीण, अकरा वर्षांची असताना कावीळ होऊन दोन महिने घरी होती. दुपार तिची. सोलापूरच्या उन्हाळ्यात अकरानंतर गल्ली ओस पडते. पत्र्यावर ऊन तडतडतं, मागावरच्या धोट्यांचा खटखटाट तेवढा चालू असतो. माळवदाच्या घरात मात्र दुपारी थोडा गारवा असायचा. त्या पांढऱ्या मातीच्या छताचे उपकार. सगळ्यांची जेवणं झाल्यावर आक्का जेवायला बसे. बेबी अंथरुणातून बघायची. ताटात काय आहे यापेक्षा ती कशी बसते, हे तिच्या लक्षात राहिलं होतं. पाट भिंतीला टेकलेला, पाय नीट दुमडलेले, पहिला घास घेण्याआधी ताटाभोवती पाणी फिरवून एक क्षण थांबणं. उरलंसुरलं खातेय म्हणून उभ्याउभ्या, घाईत, असं तिचं जेवण कधी नव्हतं. "घरात कुणी बघणारं नसायचं तेव्हाही ती पानात मीठ डावीकडेच वाढून घ्यायची," बेबी म्हणाली. जेवण झालं की भांडी, मग पाटा धुऊन उभा करायचा, मग दोन वाजायला आलेले असायचे. बेबीला औषधानं झोप लागायची.

इथे आमची मांडणी अडली. दोन ते तीन कुणाकडेच नव्हते. आम्ही शाळेत, पुरुष कामावर, आई-काकू आडव्या झालेल्या, बेबी झोपलेली. तीनला चहाचं आधण ठेवलेलं असायचं, ते काकूनं पाहिलं होतं. त्याच्या आधीचा तास मोकळाच. दादा म्हणाला, "झोपत असेल." ताई म्हणाली, "आक्का? दुपारी?" आम्ही तो तास सोडून पुढे गेलो.

दिवेलागण अप्पाची. वीज होती, पण जायची फार. म्हणून रोज संध्याकाळी कंदिलाची काच पुसून ठेवायचीच. आक्का आधी काचेत तोंडाची वाफ सोडायची, मग जुन्या लुगड्याची चिंधी आणि चिमूटभर राख. अप्पाचं काम काच धरायचं. हात लहान, काचेत पुरा जायचा, पण आक्का त्याला पुसू द्यायची नाही, धरायलाच सांगायची. "धरणाऱ्याचं काम मोठं. पुसणाऱ्याचा हात चुकला तरी चालतो." मग देवापाशी निरांजन. वाती तिनं स्वतः वळलेल्या असायच्या, डब्यात जुड्या करून ठेवलेल्या. बारा जानेवारीला त्यात चार वाती जास्त लागायच्या. १९३१ साली त्या दिवशी येरवड्याला सोलापूरच्या चौघांना फाशी दिली: मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन. आक्का भाषण ऐकायला चौकात जायची नाही. गड्ड्याच्या यात्रेची गडबड असायची, दुसऱ्या दिवशी भोगीची बाजरीची भाकरी करायची असायची. त्या घाईत ती चार वाती लावून पुढच्या कामाला लागायची. अप्पानं कारण विचारलं तेव्हा तिनं चौघांची नावं न अडखळता सांगितली.

आणि रात्र माझी. १९७२च्या मार्चमध्ये माझी अकरावीची परीक्षा होती. स्वयंपाकघरात दिवा राहायचा म्हणून मी तिथेच पुस्तक घेऊन बसायचो. घर झोपल्यावर आक्का ओटा पुसायची, पिण्याच्या पाण्यावर झाकण ठेवायची, सकाळच्या भाकरीचं पीठ काढून काटवटीत उपडी वाटी घालून ठेवायची. मटकी भिजत घालायची. कालची भिजलेली उपसून फडक्यात बांधायची. म्हणजे मोड आलेली मटकी ताटात येई तेव्हा तिच्यात दोन रात्रींचं काम असे. मग दूध. ते कोमट झालं की नाही हे ती करंगळी बुडवून बघायची. हिवाळ्यात विरजण जास्त नि गाडगं चुलीच्या उबेला. उन्हाळ्यात अगदी बोटभर, नाही तर पहाटेपर्यंत दही आंबून जातं. गाडगं मातीचं, पाणी शोषून घेणारं, म्हणून दही असं लागायचं की सुरी लावावी. सगळ्यात शेवटी निखाऱ्यांवर राख ओढायची. आणि ओटीवरची कडी लावून वळताना, भिंतीला हात टेकून, एकदा स्वयंपाकघराकडे नजर टाकून म्हणायची, "उद्याचं झालं."

आजचं झालं, असं ती कधी म्हणाली नाही. तेव्हा मला यात काही वाटलं नाही. त्या तेरा दिवसांत, सगळे तास एका ओळीत आल्यावर, पहिल्यांदा दिसलं की तिचा दिवस पहाटे सुरू होतच नव्हता. ताईनं पाहिलेला विस्तव मी रात्री झाकताना पाहिलेला होता. दादाच्या काटवटीतलं पीठ मी उपडी वाटीखाली पाहिलं होतं. दहा-अकरा वर्षं आम्ही एकाच घरात एकाच कामाची दोन टोकं धरून होतो आणि ती जोडलेली आहेत हे कुणालाच माहीत नव्हतं.

त्याच परीक्षेच्या दिवसांत एकदा मी इतिहासाचं पुस्तक मिटून तिला विचारलं होतं, "आक्का, १९३०ला सोलापुरात मार्शल लॉ होता, तेव्हा तू इथेच होतीस ना? काय पाहिलंस?" बारा मे ते तीस जून, तारखा मी पाठ केल्या होत्या. ती तेव्हा चौदा वर्षांची, नुकती लग्न होऊन आलेली. तिनं विचार केला. म्हणाली, "दूध आलं नाही रे कितीतरी दिवस. विरजण संपलं. मोकळीक मिळाल्यावर आधी शेजारून मागून आणलं." माझी निराशा झाली. मला गोळीबार हवा होता, सोल्जर हवे होते. ती दुधावर झाकण ठेवत पुढे म्हणाली, "विरजण कुणाचं नसतं. फिरत असतं."

आक्का झोपेतच गेली. पहाटे ताई, तेव्हा माहेरपणाला आलेली, जागी झाली ती यावेळी खरोखरच्या शांततेनं. त्या दिवशी राख कुणी बाजूला केली नाही. आतला विस्तव कधी विझला तेही कुणाला कळलं नाही.

तेराव्याला परड्यात आचाऱ्याची चूल होती. चौदाव्या दिवशी सकाळी पाहुणे पांगले आणि घरची चूल काकूनं काडीनं पेटवली. दुपारी ऊन डोक्यावर असताना समोरच्या अम्मा आल्या. त्यांच्या हातात झाकलेली पितळी वाटी होती. त्या आईजवळ गेल्या नाहीत, सरळ आमच्या दारातल्या ओट्याच्या डाव्या कोपऱ्यात, भिंतीच्या सावलीत बसल्या. बसताना त्यांनी शेजारी एका माणसाची जागा सोडली.

"इथं बसायची," त्या म्हणाल्या. "दोन वाजता. रोज. मी बिडी वळायची, ती वाती वळायची."

हजार बिड्या झाल्या तर दिवसाची मजुरी हातात पडायची. रात्री भिजवलेली पानं ओल्या फडक्यात, मांडीवर सूप, सुपात तंबाखू. अम्मांची बोटं संध्याकाळपर्यंत थांबत नसत. आक्का शेजारी कापूस घेऊन बसायची. "पयल्या वर्षी मला मराठी येत नव्हतं. तिला तेलुगू येत नव्हतं. काय बोलणार? तरी यायची. नंतर बोलायला येत होतं, तरी जास्त बोलत नव्हतो." त्या थोड्या हसल्या. "दोघींचं काम सारखंच. बोटाचं. डोळं मोकळं."

घरातल्या कुणालाच हे माहीत नव्हतं, असं नाही. आईनं पाहिलं असणार, काकूनंही. पण ते सांगण्यासारखं आहे असं कुणाला वाटलं नव्हतं. आक्कालाही नाही. दिवसाचे बाकीचे सगळे तास ती आमच्यासाठी उद्याची तयारी करत होती. हा एक तास तिनं कशाचीही तयारी न करता, एका मैत्रिणीच्या शेजारी, सावलीत बसून घालवला होता. वाती तेवढ्या होत होत्या.

मग अम्मांनी वाटी पुढे केली. "त्या दिवशी पहाटे तुम्ही सगळे बाहेरच्या खोलीत रडत होता. मी आत गेले. गाडग्यात दही लागलेलं. वाया जाईल म्हणून वाटीभर नेलं. रोज थोडं दूध घालून लावलं. घ्या. तुमचंच आहे."

ताईनं वाटी दोन्ही हातांनी घेतली.

रात्री जेवणं झाल्यावर आम्ही सगळे, कुणी न बोलावता, स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिलो. आईनं ओटा पुसला. पिण्याच्या पाण्यावर झाकण ठेवलं. दूध कोमट केलं, करंगळी बुडवून पाहिली, थोडं थांबली, परत पाहिली. उन्हाळा होता, वाटीतलं बोटभरच विरजण घेतलं. काकूनं निखाऱ्यांवर राख ओढली. दिवा मालवण्याआधी क्षणभर सगळे घुटमळले. कुणीतरी म्हणायला हवं होतं, म्हणून ताई म्हणाली, "उद्याचं झालं."